सोबतीच्या गणितातला विळा

बाई,

परवा धुळ्याला जाऊन आले. तुमच्या धाकट्याच्या दुकानात बसले, त्यानं मागवलेला चहा प्यायले, आणि त्यानं तुमची ती वही माझ्या मांडीवर ठेवली. तेव्हापासून माझं डोकं ठिकाणावर नाही. काल पाचोऱ्याकडं एका शेताच्या मोजणीला गेले होते. यंत्र उभं केलं, बांधावरची खूण बघितली आणि आकडा लिहायचाच विसरले. शेतकरी बिचारा जवळ आला आणि म्हणाला, "मॅडम, तब्येत बरी नही का?" इतक्या वर्षांच्या नोकरीत असं कधी झालं नव्हतं. दोन भावांनी माझ्यासमोर कुऱ्हाडी उगारल्या तेव्हासुद्धा माझा आकडा चुकला नव्हता. तुम्हाला जाऊन पंधरा वर्षं झाली, बाई, आणि गेलेल्या माणसाला जाब विचारता येत नाही एवढी अक्कल मला आहे. तरी लिहिते आहे, कारण विचारायचं तर तुम्हालाच, दुसरं कोण सांगणार.

सगळं सुरू झालं ते माझ्या आबांमुळं. आबा अमळनेरच्या बाजारात मापाडी. धान्याच्या राशीसमोर उकिडवे बसायचे, माप भरायचे, वरून हात फिरवायचे आणि ओतताना मोठ्यानं मोजायचे. मी चालायला लागले तेव्हापासून त्यांच्या मागं असायचे, त्यामुळं मोजायला शिकले ती त्यांच्याकडूनच. पाचवीत तुम्ही आम्हाला गणिताला आलात, आणि पहिल्याच आठवड्यात मला उभं करून टेबलावरच्या वह्या मोजायला सांगितल्यात. मी सुरू केलं, "लाभ, दोन, तीन, चार…" वर्ग खदाखदा हसला. तुम्ही पट्टी टेबलावर आपटलीत आणि मला म्हणालात, "शाळेत शाळेसारखं मोजायचं. बाजार घरी ठेवून यायचा." मी रडत घरी गेले. दुसऱ्या दिवशी अंगावर धान्याची धूळ तशीच घेऊन आबा वर्गाच्या दारात उभे. अजून मला दिसतात ते, टोपी हातात धरलेली, चपला बाहेर काढलेल्या. म्हणाले, "बाई, पोर चुकनी नही. पहिला मापले आम्ही एक म्हनतस नही. एक म्हटलं का रास एकटी पडस. म्हनीसन लाभ म्हनतस, मंग दोन, मंग तीन." तुम्ही खडू हातात धरून ऐकत होतात. चौथी शिकलेल्या मापाड्याला तुम्ही सगळ्या वर्गासमोर म्हणालात, "आबा, माझंच चुकलं. मला हे माहीत नव्हतं." त्या दिवसापासून मी तुमची झाले. हे मी तुम्हाला कधी सांगितलं नाही, तुम्हाला कळलं असेलच.

मधल्या सुट्टीत तुम्ही आम्हा दोघींना जवळ बोलावलंत, मला आणि तुमच्या लेकीला. तिचा हजेरी क्रमांक सत्तावीस, माझा अठ्ठावीस, म्हणून आम्ही एका बाकावर. तुम्ही डबा उघडत म्हणालात, "सातपुड्याच्या पल्याड एक मुलूख आहे. तिथं सगळेच आबांसारखं मोजतात." झालं. वर्षभर त्या मुलखानं आम्हाला वेड लावलं. तिथल्या गणिताचं नाव सोबतीचं गणित. त्याचा पहिला नियम, आकडा कधी एकटा ठेवायचा नाही, एकटा राहिलेला आकडा आजारी पडतो आणि त्याच्यामागं सगळं गाव आजारी पडतं. म्हणून तिथं 'एक' लिहायचाच नाही, त्याच्या जागी ज्वारीचं कणीस काढायचं आणि लाभ म्हणायचं. तिथं विहीर खणायला कुदळ लागत नाही, बादलीला दोराच्या हातांनी गुणलं की पाणी वर येतं. पूल बांधतात ते भागाकारानं, पण बाकी उरली तर पुलाला तेवढं भोक राहतं आणि लोकांना लुगडं सावरून त्यावरून उडी मारावी लागते. अपूर्णांक लोक एका पायात चप्पल घालून हिंडतात. ज्यांना कशानंच भाग जात नाही ते आकडे म्हणजे तिथले नाना आणि आबा, कुणाचं ऐकत नाहीत, पारावर बसून असतात. आणि शून्य म्हणजे एक घर, त्याला गुणलं की सगळे आत जातात आणि दार लागतं, पण मेलेलं कुणी नसतं, कान लावला तर आत भांड्यांचा आवाज येतो. मी घरी हे आबांना सांगितलं तर ते म्हणाले, "बाईनं डोकं मोठं शे." पण मनातून त्यांना ते आवडलं असावं, कारण त्या हंगामात पहिलं माप ओतताना ते माझ्याकडं बघून मुद्दाम जास्तच मोठ्यानं लाभ म्हणायचे.

वजाबाकीवर मात्र तुमच्या लेकीनं तुम्हाला अडवलं. ती अडवायचीच, तुमच्यासारखीच होती. तिनं विचारलं, "वजा केलेलं कुठं जातं? नाहीसं कसं होईल?" तुम्ही घास हातात धरून विचार केलात. मग म्हणालात की त्या मुलखात एक नदी आहे आणि वजा झालेलं सगळं त्या नदीच्या पलीकडच्या काठावर जाऊन बसतं. म्हणून तिथल्या वजाबाकीत आडवी रेघ म्हणजे काठ, रेघेच्या वर उरलेले, रेघेखाली बसलेले. "मग त्यांना परत बोलावता येतं का?" तिनं विचारलं. तुम्ही म्हणालात, "येतं. पण ती रीत मला अजून सुचली नाही." सुचली नाही असं म्हणालात, आठवत नाही असं नाही. म्हणजे मुलूख तुमच्याच डोक्यातला आहे हे त्या क्षणी आम्हाला कळायला हवं होतं. दोघींनाही कळलं नाही. तो खरा नसेल असं आमच्या मनातही आलं नाही.

संक्रांतीनंतर सहल निघाली, एरंडोलच्या बाजूच्या तळ्यावर. ते सगळं तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे, म्हणून थोडक्यात लिहिते. आम्ही दोघी पाण्यात होतो. ती पुढं, मी तिच्या मागं. गाळात दोघींचे पाय रुतले. तुम्ही नेसत्या साडीनिशी पाण्यात आलात आणि जो हात आधी हाताला लागला तो ओढलात. तो माझा होता. तिला काढलं तोवर वेळ होऊन गेली होती. संध्याकाळी बस निघताना दुसऱ्या बाई मुलं मोजत होत्या, एक, दोन, तीन, आणि मी ओल्या फ्रॉकवर कुणाची तरी शाल गुंडाळून बसले होते आणि मनात त्यांची चूक दुरुस्त करत होते, लाभ, लाभ म्हणा. तुम्ही त्या बसमध्ये नव्हतात. मी तळ्याच्या काठाकडं बघत होते. मला खरंच वाटत होतं की ती तिथं बसलेली असणार, आपल्याला दिसत नाही एवढंच.

त्यानंतर तुम्ही बरेच दिवस शाळेत आला नाहीत. उन्हाळ्याच्या सुट्टीत आबा मला तुमच्याकडं घेऊन आले. येतानाच मला दम दिला होता, "रडानं नही, बोलानं नही, बाई जे देतीन ते खावानं." तुम्ही स्वयंपाकघरात खाली बसून कळण्याच्या, ज्वारी-उडदाच्या पिठाच्या, भाकरी थापत होतात. धाकटा दोन वर्षांचा, तो तुमच्या पाठीला धरून उभा होता आणि तुम्ही त्याच्याकडं बघतसुद्धा नव्हतात. आबा ओसरीवर थांबले. तुम्ही मला समोर बसवलंत, परातीतलं पीठ सारखं केलंत आणि त्यात बोटानं आडवी रेघ काढलीत. म्हणालात, "रीत सुचली." रेघेच्या वर एक ठिपका, खाली एक ठिपका, आणि डाव्या बाजूला दोघांना जोडणारा विळा, मूठ वर, पातं खाली. विळा काढला की खालचा वर येतो. पण काठ रिकामा राहत नाही, म्हणून वरचा खाली जाऊन बसतो. "अशी अदलाबदल आहे ती," तुम्ही म्हणालात, "आणि ती फक्त तुला सांगितली. कुणाला सांगायची नाही. आणि काहीही झालं तरी वापरायची नाही." मग तळहातानं पीठ पुसलंत आणि त्याच पिठाची भाकरी थापलीत. ती भाकरी ठेच्याबरोबर मला वाढलीत. मी खाल्ली. निघताना तुम्ही तिची कंपासपेटी माझ्या हातात दिलीत, झाकणाच्या आत तिनं कर्कटकानं सत्तावीस कोरलेलं. ती पेटी आजही माझ्या ऑफिसच्या ड्रॉवरमध्ये आहे. दहा वर्षांच्या पोरीला काय कळणार, मला वाटलं मुलखातली सगळ्यात ताकदवान रीत बाईंनी माझ्या हवाली केली. इतकी वर्षं मी त्याला बक्षीस समजत आले, बाई.

मी शिकले, मोजणी खात्यात लागले, जळगावला बदली झाली. दर दिवाळीला फराळाचा डबा घेऊन तुमच्याकडं यायचे, लग्नानंतरही चुकवलं नाही. तुम्ही डबा घ्यायचात आणि मला म्हणायचात, "चौकटीला टेकून उभी राहा बरं." लहानपणी ठीक होतं, पण मी तेविसाव्या वर्षीही टेकून उभी राहायची आणि तुम्ही डोक्यावर पट्टी ठेवून पेन्सिलीनं खूण करायचात. नवरा माझी थट्टा करायचा, "तुझ्या बाई तुझी मोजणी करतात का? फी भरलीस का?" मी म्हणायचे, माया आहे ती, तुला नाही कळायची. त्या चौकटीवर धाकट्याच्या खुणा नव्हत्या. त्याच्याबद्दल मला कधी प्रश्न पडला नाही. तो कोपऱ्यात बसून बंद पडलेला पंखा खोलत असायचा.

आता परवाचं. धाकट्याचं धुळ्यात पाण्याच्या जळालेल्या मोटारींत नवी तार भरायचं दुकान आहे, तुमच्या वेळी नुकतंच सुरू झालं होतं, आता दोन माणसं कामाला आहेत. अमळनेरचं घर तो रिकामं करतोय. तुमचं शिलाई मशीन कुणाला तरी द्यायला काढलं तर त्याच्या खणात कापडात गुंडाळलेली वही सापडली. त्यानं फोन केला, "अक्का, आईनी एक वही शे. गणित शे काहीतरी. तुम्ही मोजणीवाल्या, तुम्हले समजी." मी गेले तेव्हा तो तांब्याच्या तारेचे वेढे घालत होता आणि हलक्या आवाजात मोजत होता, "लाभ, दोन, तीन…" मी दारातच थबकले. विचारलं, हे कुठून शिकलास. तो म्हणाला, "आई असंच मोजे ना. भाकरी मोजो, का कपडा मोजो." हातातले वेढे पुरे होईपर्यंत त्यानं मान वर केली नाही. तुम्ही त्याला मुलूख दिला नाहीत, पण हे एवढं त्यानं स्वतःच उचललं. मला आबा आठवले आणि बरं वाटलं. पुढं काय वाढून ठेवलंय ते माहीत नव्हतं ना.

वहीत पंचवीस पानं लिहिलेली. दर साली एक पान, आणि प्रत्येक पानावर वर तीच तारीख, सहलीची. त्याखाली मधोमध आडवी रेघ. रेघेखाली सत्तावीस. रेघेच्या वर अठ्ठावीस. बाकी पान कोरं. पहिल्या पानावरचं अक्षर फळ्यावरचं, ठसठशीत, शेवटच्या पानावरचं थरथरत्या हाताचं. मी पहिलं पान वाचलं आणि मला काही कळलं नाही, म्हणजे कळलं पण आत शिरलं नाही. दुसरं उलटलं. तिसरं. ती काठावर, मी वर. शेजारी विळा काढला की मी काठावर आणि ती वर, तुमच्या स्वयंपाकघरात, चौकटीला टेकून. आणि ही मांडणी तुम्ही एकदा दुःखाच्या भरात नाही केलीत. पंचवीस वर्षं, दर वर्षी, त्याच दिवशी, बसून, शांतपणे, पट्टीनं रेघ आखून केलीत. आदल्याच दिवाळीत माझ्या हातचे अनारसे खाऊन केलीत. मी चौकटीला उभी असताना तुम्ही कुणाची उंची मोजत होतात ते मला त्या दुकानात, त्या तारांच्या वासात कळलं. मला तुमचा राग आला, बाई. इतका राग मला सासरी कुणाचा आला नाही. ती वही तिथंच टराटरा फाडावी असं वाटलं.

"काय शे अक्का हाई?" त्यानं विचारलं. तो स्टूल ओढून अगदी जवळ बसला होता. "सत्तावीस म्हंजे ताई. तिनं प्रगतिपुस्तक शे माझ्याजोडे, तिना नंबर सत्तावीस. एवढं माले समजनं. पन अठ्ठावीस कोन?"

मी त्याच्याकडं बघितलं. तो दुकानाच्या मालकासारखा नव्हता बघत, अगदी दोन वर्षांच्या पोरासारखा बघत होता. मी काही म्हणायच्या आत तोच म्हणाला, "मी एक सांगू? हसू नका. माझा वाढदिवस अठ्ठावीस तारखेला येतो." आता तो अहिराणी सोडून शाळेतल्यासारखं नीट बोलायला लागला होता, म्हणजे किती दिवस मनाशी घोकलं असेल. "आईनं दर वर्षी तिला खाली लिहिलं आणि मला वर लिहिलं असेल का? म्हणजे, ही गेली, पण हा आहे. असं काही? कारण अक्का, आई माझ्याशी कधी वाईट वागली नाही, पण कधी माझ्याकडं नीट बघितलंही नाही. मला वाटायचं मी तिच्या मोजण्यातच नाही."

मी सरकारी मोजणीदार आहे. हद्दीचा दगड एक वीतभर सरकवायला लोकांनी मला काय काय देऊ केलं आणि मी घेतलं नाही, हे सगळ्या तालुक्याला माहीत आहे. तुमच्या मुलाला मी म्हटलं, "हो. अठ्ठावीस म्हणजे तू." तो उठला, तार कापायची पक्कड उगीच इकडची तिकडं ठेवली, आणि कामाच्या माणसाला म्हणाला, "बठ्ठासले चहा सांग. बठ्ठासले." सगळ्यांना चहा सांगून झाल्यावर पाठ करून डोळे पुसले. त्यातलं एक पान तो काचेत बसवून दुकानात लावणार आहे. लावलंही असेल आत्तापर्यंत. मी कधी तिथं गेले तर मलाच रेघेच्या वर बसलेली बघायची आहे आणि त्याला म्हणायचं आहे, छान दिसतोस. शेवटचं एक पान त्यानं मला दिलं, "तुम्ही समजाडं, तुम्हलेबी राहू द्या आठवन." मी नको म्हणू शकले नाही.

एसटीत ते पान पर्समध्ये होतं आणि पर्स मांडीवर. पारोळ्यापर्यंत मी तुम्हाला मनातल्या मनात वाट्टेल ते बोलले. ते इथं लिहीत नाही. लिहिण्यासारखं नव्हतं, आणि तुम्ही माझ्या बाई होतात.

आज रविवार. दुपारी जेवणं झाल्यावर मी ते पान स्वयंपाकघरातल्या ओट्यावर पसरलं. जुने नकाशे वाचायचं भिंग माझ्याकडं असतं, ते घेतलं. का घेतलं माहीत नाही, सवय. रेघ बघितली, आकडे बघितले, आणि मग डावीकडं, जिथं विळ्याची मूठ सुरू व्हायला पाहिजे तिथं, शाईचा एक ठिपका दिसला. साधा डाग नव्हता. पेन टेकवलं, बराच वेळ तसंच धरलं, शाई कागदात पसरली, आणि मग उचललं, असा ठिपका होता तो. मी लगेच धाकट्याला फोन लावला. म्हटलं, भाऊ, बाकीच्या पानांवर डाव्या अंगाला बघ, एखादा ठिपका आहे का. त्यानं वही आणली. पानं उलटल्याचा आवाज येत होता. "शे," तो म्हणाला. "हाई पानवर शे. हाईवरबी शे. अक्का, बठ्ठा पानंस्वर शे. काय शे ते?" मी म्हटलं काही नाही, पेन गळत असेल. तो म्हणाला, "पंचवीस वरीस एकच जागावर?" तो काही मूर्ख नाही, बाई. तुमचाच मुलगा आहे.

म्हणजे तुम्ही दर वर्षी मांडलंत, पेन टेकवलंत, आणि काढला नाहीत विळा. एकदाही नाही. मला वाटलं होतं हे कळल्यावर राग जाईल. गेला नाही, पण त्याच्या शेजारी दुसरं काहीतरी येऊन बसलं. कारण तुम्ही कुणाला वाचवत होतात ते तुम्हालाच नीट माहीत नव्हतं, आणि आता मला ते सांगावं लागणार. चाळीस वर्षं टाळलं.

सगळे म्हणाले पोरी कमळं तोडायला गेल्या. पोलिसांनी तेच लिहिलं, आबाही तेच समजून गेले. बाई, कमळं काठाजवळ खूप होती, ती आम्ही तोडलीही होती. मग मला लांब पाण्यात एक कमळ दिसलं, बाकीच्यांपासून वेगळं, एकटंच. मी तिला म्हटलं, "ते बघ, एकटं आहे. आजारी पडेल." ती म्हणाली, "मग त्याच्यासाठी सोबत नेऊन ठेवू." तिनं आमच्या हातातलं एक कमळ घेतलं आणि ती निघाली, सोबत पोचवायला. तोडायला नव्हती जात, ठेवायला जात होती. मी तिच्या मागं गेले ते ती एकटी पडू नये म्हणून, आणि पाणी कमरेला लागल्यावर घाबरून थांबले. तुमचा पहिला नियम तिनं शेवटपर्यंत पाळला. मी निम्म्यात सोडला. स्वयंपाकघरात तुम्ही मला पिठात रीत काढून दाखवलीत तेव्हा हे सगळं माझ्या जिभेवर होतं, पण आबांनी सांगितलं होतं बोलायचं नाही, आणि मी ते सोयीस्करपणे ऐकलं. नंतर दर दिवाळीला वाटायचं, या वर्षी सांगू. तुमच्याच गोष्टीनं तुमची लेक पाण्यात गेली हे कुठल्या तोंडानं सांगायचं होतं? आणि माझ्या बोलण्यानं गेली हे तर त्याहून कठीण.

हे पत्र मी कुठं टाकणार आहे? तुमच्या पानाबरोबर घडी घालून तिच्या कंपासपेटीत ठेवीन, धाकट्याच्या हाताला लागणार नाही असं. मुलूख खोटा आहे हे मला माहीत आहे. सातपुड्याच्या पल्याडही मी मोजणीचा कॅम्प लावला आहे, तिथं इकडच्यासारखीच गावं आहेत, ज्वारी आहे, बांधावरून भांडणं आहेत. तरी मघाशी ओट्यावर मी पेन घेतलं. तुमच्या ठिपक्यावर टेकवलं. मूठ वर, पातं खाली, एका झटक्यात होतं ते, पिठात बघितलेला तो विळा मला अजून पाठ आहे. तुम्हाला जे जमलं नाही ते मी करू शकत होते, कारण आकडा माझा होता, मला कुणाला विचारायचं नव्हतं. ती तिथं चाळीस वर्षं एकटी बसली आहे हेही माहीत होतं. शेजारच्या खोलीत नवरा वर्तमानपत्र वाचत होता, बाहेर कुणीतरी वाळवण उलटत होतं. तुमचा ठिपका थोडा मोठा झाला, बाई, आणि मी पेन उचललं.